गोत्र ठाऊक नसलेला यजमान

माझा धाकटा भाऊ टीव्हीवर लोकांना हसवायचा, पण त्याच्याकडे लिहिलेलं काहीच नसायचं. कार्यक्रम थेट असायचा. समोरचा प्रेक्षक विषय द्यायचा आणि हा त्यातून तिथल्या तिथे एक माणूस उभा करायचा. मी बँकेतला, बेरीज दोनदा तपासणारा. त्याचं काम बघताना मलाच घाम फुटायचा.

ही विद्या त्याला नाशिकच्या रामकुंडावर मिळाली. आमचे वडील, अप्पा, तिथे यात्रेकरूंचे विधी करायचे. लहानपणी हा त्यांच्याजवळ बसून ऐकायचा आणि यजमानाच्या पहिल्याच वाक्यावरून त्याचा तालुका सांगायचा.

दोन हजार सालानंतरची गोष्ट. एका भागात त्याने सटाण्याकडचा यजमान केला. लोक खूप हसले. पुढे काही दिवसांनी अप्पांच्या एका जुन्या यजमानाने घाटावर चारचौघांत विचारलं, "गुरुजी, आमनी नक्कल कराले पोऱ्या ठेयेल शे का?" आणि विधी दुसऱ्याकडून करून घेतला. त्या दिवशी अप्पा जेवले नाहीत. त्यांनी भावाला फोनवर सांगितलं, घाटावरचं पुन्हा काढलंस तर या घरात यायचं नाही. काय निघेल ते मलाही आधी माहीत नसतं, असं तो सांगत होता. अप्पांनी फोन ठेवला.

रविवारी अप्पा प्रथमच त्याचा कार्यक्रम बघायला बसले. आईने वाती वळायला घेतल्या, पण कापूस हातातच राहिला. सूत्रसंचालकाने विषय मागितला. मागच्या रांगेतून कोणीतरी म्हणालं, "अस्थिविसर्जन."

मी रिमोटकडे हात नेला.

"राहू दे," अप्पा म्हणाले.

भाऊ तसाच उभा राहिला. मग त्याने नसलेली टोपी नीट केली, नसलेला कलश छातीशी धरला आणि खाली बसला. गुरुजी त्याने केलाच नाही. समोरच्या रिकाम्या जागेकडे बघून तो बोलू लागला, आणि या वेळी बोली कुठल्याच गावची नव्हती.

"गोत्र? ते नाही माहीत, गुरुजी. आईला कधी कोणी विचारलंच नाही. तिला शेंगोळे आवडायचे, ते सांगितलं तर चालेल का?"

लोक हसले. हसणं विरलं तरी तो त्या जागेकडे बघतच राहिला. मला वाटलं, अडकला. आता गुरुजींच्या तोंडी काहीतरी घालणार आणि सगळं संपणार.

"कश्यप म्हण," अप्पा हलकेच म्हणाले. गोत्र ठाऊक नसलेल्या प्रत्येकाला ते हेच सांगत आले होते.

पडद्यावर भावाने मान डोलावली. "कश्यप. बरं झालं गुरुजी, तिलाही एक मिळालं." त्याने हातातून पाणी सोडलं. या वेळी कोणी हसलं नाही.

कार्यक्रम संपल्यावर फोन वाजला. अप्पांनी स्वतः उचलला.

"पाणी बोटांवरून सोडलंस," ते म्हणाले. "ते देवांना. पितरांना अंगठ्याकडून सोडतात."

पलीकडून काहीतरी उत्तर आलं. चुकला तो यजमान, मी नाही, असं म्हणाला असावा.

"मग गुरुजी कशाला बसले होते समोर?" अप्पा म्हणाले. "घरी ये. दाखवतो."