क्लेचा उंट
क्लेचा वास आला की मला अजून स्वतःचाच राग येतो. कुवेतमध्ये फिंतासला आमच्या शेजारच्या पोलिश आजी तरुणपणी पोलंडच्या स्टुडिओत मुलांच्या कार्टूनसाठी बाहुल्या केसभर हलवून एकेक फोटो काढायच्या. मायदेशी परतायच्या आदल्या दिवशी त्या सकाळपासून आमच्या घरी माझ्या लेकीबरोबर क्लेच्या उंटाची तशीच फिल्म करत होत्या. ऑगस्टच्या त्या दुपारी आम्ही सगळे त्यांच्याकडे जेवायला निघालो आणि मी पुण्याच्या सवयीने एसी बंद केला. वीज इथे जवळपास फुकट, पण हात ऐकेल तर शपथ! आजींसह परतलो तर उकाड्याने मऊ पडलेल्या उंटाची मान टेबलावर लोळत होती. "बाबा, व्हाय?" लेक ओरडली. आजींनी त्या मानेचाही फोटो काढला. आता लेक ती चार सेकंदांची फिल्म पाहुण्यांना दाखवते: उंट उठतो, चालतो, मग बाबा एसी बंद करतात.