वरकुट्याला एक अख्खी धून ऐकायला

लोक वरकुट्याला जमीन बघायला जातात, सोयरीक जुळवायला जातात. मी अमेरिकन संगीत ऐकायला गेलो. बायकोचे मामा, म्हणजे आमचे तात्या, तिथं राहतात. चित्रकलेचे निवृत्त मास्तर. गावच्या व्यायामशाळेच्या उद्घाटनाला त्यांचं अकॉर्डियनवादन होतं. फोनवर म्हणाले, "एक धून एकदा तरी शेवटापर्यंत वाजवायचीय. साक्षीला ये."

स्वारगेटहून एसटीनं बारामती. सुट्टे पैसे ठेवा. कंडक्टरशी भांडायची हौस असेल तर ठेवू नका. स्टँडबाहेर मिसळ खाल्ली. तर्री मागितली, तर मालकानं "पुण्याचं ना?" म्हणत अर्धीच पळी घातली. पुढं इंदापूरची एसटी. गाळपाच्या दिवसांत हा रस्ता उसाच्या ट्रॉलीमागून बघायचा असतो. उसाची पाठ आता मला पाठ आहे.

फाट्यावर तात्या मोटारसायकल घेऊन हजर. वाटेत त्यांनी त्यांच्या दैवताचं चरित्र सांगितलं. कृष्णधवल टीव्हीच्या काळातला एक अमेरिकन अकॉर्डियनवाला. गाणी, जादू, कुत्र्यांच्या कसरती असं सगळं एकाच ताटात वाढणाऱ्या तिथल्या कार्यक्रमांत तो दर आठवड्याला दिसे. आधी मागच्या रांगेत, मग पुढं, मग चाकांच्या बुटांवर. एकदा तर खांद्यावर माकड घेऊन. तात्यांनी मोबाईलवर सापडेल तो तुकडा पाहिलेला.

"आन् दर येळंला," तात्या मान वळवून ओरडले (मी ओरडलो, "पुढं बघा!"), "धून शेवटाला आली की त्यो निवेदक हसत मधी येणार आन् साबण इकणार! पुढं कार्यक्रमच बंद पडलं. मग दुकानांच्या उद्घाटनाला वाजवायचा बिचारा. धुनेचा शेवट कुठंच न्हाय. म्या सोता बशिवलाय."

आमच्याकडचे साबणवाले म्हणजे आबा, तात्यांचे शाळासोबती आणि गावचे कायम निवेदक. व्यायामशाळेपुढच्या मांडवात तात्यांनी अकॉर्डियनचे पट्टे खांद्यात अडकवले, भाता उघडला, बोटं पळू लागली. निम्म्यावर आले तोच आबा माइकवर, "थांबा, थांबा! पाव्हण्यांची गाडी आली!"

गाडी दुधाची निघाली. तात्या पहिल्यापासून सुरू.

"पांढऱ्या गाडीवाल्यांनी गाडी काढावी, ट्रॅक्टर आडलाय!" पुन्हा आबा.

तात्या पुन्हा पहिल्यापासून. तेवढ्यात पाहुणे खरोखरच आले.

"तात्या, आता बास," आबा म्हणाले. "सत्कार हायेत."

तात्यांनी भाता मिटला. त्यांच्या चेहऱ्याकडं मला बघवेना. पण पहिली शाल उलगडली आणि मांडवात अशी शांतता पसरली की आबाच कावरेबावरे झाले. वाकून कुजबुजले, "लईच मोकळं वाटतंय रं. मागनं हळू वाजवत ऱ्हा की."

"सत्कार किती हायेत?"

"मोप हायेत. येक ऱ्हायला तरी रुसतोय."

महाराष्ट्रात भाषण थांबवता येतं, लग्न थांबवता येतं. सत्कार कुणाच्या बापाला थांबवता येत नाही. सरपंच, माजी सरपंच, माजी होता होता राहिलेले. शाल, नारळ, फेटा, फोटो. फोटोत डोळे मिटले म्हणून पुन्हा शाल. तात्या वाजवत होते. अमेरिका संपली, तात्यांचा स्वतःचा शेवट सुरू झाला. तो जरासा लावणीकडं झुकला, पण तक्रार करायला कोण येणार होतं? शेवटचा सूर लांबला, थांबला आणि टाळ्यांचा कडकडाट झाला. मांडववाल्याला फेटा बांधून झाला होता.

"तात्या, टाळ्या त्याला होत्या," मी म्हटलं.

"आसूंद्या की! पुरी झाली का न्हाय?"

पुण्यात परतल्यावर कंबर दोन दिवस बोलत होती, धून मात्र अजून डोक्यात आहे, शेवटासकट. परवा तात्यांना लोणी भापकरहून बोलावणं आलं. त्यांनी मानधन विचारलं नाही, माइक विचारला नाही. म्हणाले, "सत्कार किती हायेत? धाच्या खाली आसतील तर न्हाय जमायचं."