आठ दहाची वेळ

आमची एकच बस होती, आणि शहरातल्या बडा गणपतीच्या थांब्यावरून हातोद गावाला निघायची तिची वेळ सकाळी आठ दहा. परमिटवर तीच वेळ होती आणि बाबांच्या अंगातही तीच मुरली होती. मग एका मोठ्या बसवाल्यानं त्याच रस्त्यावर आठची वेळ मागितली. दहा मिनिटं आधी दुसरी बस निघाली की आमच्या वाट्याला रिकामे बाक. बाबांनी हरकत घेतली. ती फेटाळली गेली तर बस विकावी लागणार, हे घरात सगळ्यांना कळत होतं.

परिवहन कार्यालयात सुनावणी अकराला होती. बाबा दहा वीसलाच पोचले, फाटकावरच्या रजिस्टरात नाव आणि वेळ लिहिली आणि साहेबांच्या खोलीबाहेर उभे राहिले. आजोबा महूच्या छावणीतले शिपाई. बोलावल्याशिवाय साहेबाच्या खोलीत पाऊल टाकायचं नाही, हे आमच्याकडे तेव्हापासूनचं शिक्षण. बाकीचे लोक दार ढकलून खुशाल आत जात होते. बाबांचं नाव आत टेबलापाशीच पुकारलं गेलं, ते बाहेर ऐकू कसं येणार? दोन वाजेपर्यंत ते उभेच होते. आदेशात आलं, ‘आपत्तिकर्ता अनुपस्थित.’ म्हणजे हरकत घेणारा आलाच नाही.

"बाबा, आत का नाही गेले तुम्ही?" मी ओरडलेच.

"अरे बेटा, आवाज दिल्याशिवाय कसा जाऊ? चपरासी था ना बाहर, तो पुकारेल असं वाटलं."

मी जेवण अर्धवट टाकून उठले. साहेबावर जास्त चिडले होते की बाबांवर, ते मला आजही सांगता येत नाही.

मी बँकेत नोकरीला, अर्ज लिहिणं मला जमतं. तीन खेटे घालून रजिस्टरच्या त्या पानाची नक्कल मिळवली आणि अर्जाला जोडली. माणूस दाराशी हजर होता आणि त्याचं म्हणणं ऐकलंच गेलं नाही, एवढंच लिहिलं. साहेबांनी आदेश मागे घेऊन नवी तारीख दिली.

या वेळी मी रजा टाकली आणि बाबांना दंडाला धरून आत नेलं. अकरा वाजले, समोरच्या बसवाल्याची खुर्ची रिकामी. अकरा दहा झाले. साहेबांनी पेनाचं टोपण काढलं.

"नहीं आए? तो इनको अनुपस्थित लिख देते हैं."

लिहा, लवकर लिहा, मी मनात घोकत होते.

बाबा उठले. "सर, एक बार बाहर आवाज़ लगवा दीजिए."

मी त्यांचा सदरा ओढला. "बाबा, बसा ना! काय करताय?"

"बाहेर उभा असेल तर?" ते हळूच म्हणाले.

चपराशानं दार उघडून नाव पुकारलं. कुणीच आलं नाही. मी श्वास सोडणार तेवढ्यात जिन्यावर पावलं वाजली आणि तो बसवाला वकिलासोबत धापा टाकत आत आला. वकिलाच्या फायलीत हातोदला शिकवायला जाणाऱ्या शिक्षकांचा अर्ज होता. आठला निघालं तरच ते शाळेच्या घंटेआधी पोचतात. साहेबांनी तो नीट वाचला, मग बाबांचंही सगळं ऐकून घेतलं, मध्ये एकदाही न तोडता.

आदेश टपालानं आला. आठची वेळ त्याला मिळाली होती. बाबांनी पहिली ओळ मोठ्यानं वाचली, "दोनों पक्षों को सुना गया." त्यांच्या आवाजात समाधान होतं, आणि मला ते सहन होईना.

"तुम्ही गप्प बसले असते तर आपली बस राहिली असती, बाबा."

"हो," ते म्हणाले. "मग त्याच्या पोरीनं अर्ज लिहिला असता."