पहिला भात आबांना

शांतीबाईंची जीभ तिखट, मन मात्र केळीच्या गाभ्यासारखं. तापीकाठच्या त्यांच्या गावात सगळे त्यांना वचकून असत, आणि त्यांना स्वतःला एकच घोर होता. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, पितरांच्या नावाने पाण्याची घागर भरतात; आपले डोळे मिटल्यावर गेलेल्या नवऱ्याच्या, रतिलालभाईंच्या नावाची घागर कोण भरणार? एकुलता एक धीरज जपानातल्या कारखान्यात, त्यात तिथल्याच मिनाकोशी लग्न करून बसलेला. रतिलालभाईंनी त्या लग्नाला शेवटपर्यंत होकार दिला नाही. सुनेचं तोंडही न पाहता ते गेले.

यंदा आखाजीच्या तोंडावर जोडपं पहिल्यांदा गावी आलं. मिनाको येईल त्याला कमरेतून वाकून नमस्कार करी, वाकड्यातिकड्या भाकरी थापी आणि स्वतःच हसे. इथवर ठीक होतं. पण दुसऱ्या सकाळी भात शिजल्या शिजल्या तिने वाटीत काढला, रतिलालभाईंच्या फोटोपुढे ठेवला आणि हात जोडले.

शांतीबाईंच्या जाऊ प्रतिभाबाईंनी कपाळावर हात मारला. "अव बाई! मरेल मानुसले रोज वाढतस का? जीव घुटमळस त्यासना!"

पितरांना पान वाढायचं ते आखाजीला, नाही तर पितरपाटात, म्हणजे पितृपक्षात, एरवी नाही. शांतीबाईंनी तडक वाटी उचलली. मिनाको दुपारी जेवायलाच बसेना. आल्या आल्या हे रुसवे? सासूबाईंचं डोकं फिरलं.

"माय, ती रुसनी नही," धीरज म्हणाला. "तिन्हा माहेरनी रीत शे. पहिला भात गयेल मानुसले, मंग आपले. आबा गयात तवयपासून एक दिवस चुकनी नही ती. मी म्हनं, आबासनी तुले सून मानं नही, तू कसाले करस? तर म्हने, सून मानानं का नही ते आबा ठरावतीन. पन त्यासना आधी मी कशी जेवू?"

पोराच्या घरी बापाचं कुणी नावही काढत नसेल, असं म्हणत शांतीबाईंनी किती उसासे टाकले होते! त्यांना भडभडून आलं. देवाचे उपकार मानावेत की या परक्या मुलखातल्या पोरीचे, तेच कळेना. त्यांनी वाटी पुन्हा भरली, स्वतः फोटोपुढे ठेवली आणि मिनाकोचा हात धरून तिला पानावर बसवलं. प्रतिभाबाई तोंड उघडणार तोच म्हणाल्या, "मन्हा घरमा आते हाई बी रीत शे."

आखाजीला घागर त्यांनी सुनेच्याच हाती दिली. मिनाकोने ती काठोकाठ भरली, वर डांगर, म्हणजे खरबूज, ठेवलं, आणि सासूने दाखवलं तसा पितरांच्या नावाने पुरणपोळीचा घास चुलीतल्या निखाऱ्यावर सोडला.

शांतीबाई डोळे पुसत फोटोकडे वळल्या.

"जितेपनी नही नही म्हनत बसनात," त्या नवऱ्याला म्हणाल्या, "अन् गयात तवयपासून रोज तिन्हाच हातनं जेवी ऱ्हायनात!"