मैत्रीच्या नावाची बरणी

हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही. नवऱ्याला नाही, नागपूरच्या बहिणीला नाही, आणि ज्यांच्याशी मी असं वागले त्यांना तर नाहीच. तुम्ही मला ओळखत नाही, म्हणून कदाचित सांगायला सोपं जाईल. पण बघा ना, पहिल्याच ओळीत अडखळले.

बरणीपासून सुरुवात करते. काचेची, लाल झाकणाची, चारेक लिटरची. आपल्याकडे लोणच्याला वापरतात तशीच.

बावीस वर्षांपूर्वी आम्ही ओटावाला आलो. माझ्या नवऱ्याला, प्रशांतला, तिथल्याच कनाटा भागात नोकरी लागली होती, मला अजून काही नव्हतं. शेजारच्या घरात मिचिको-सान नावाच्या जपानी बाई राहत. साठी ओलांडलेल्या, एकट्या, आणि माझ्या खांद्याला लागतील एवढ्याशा. पहिल्या मोठ्या बर्फाच्या सकाळी मी दार उघडलं तर या बाई आमच्या ड्राइव्हवेवरचा बर्फ फावड्याने उपसत होत्या. मी धावत बाहेर गेले — चपलेत. त्यांनी आधी माझ्या पायांकडे पाहिलं आणि मला हाताला धरून आपल्या घरात नेलं.

त्यांच्या हॉलमध्ये एका कोनाड्यात बुद्धाची छोटी मूर्ती होती, शेजारी त्यांच्या गेलेल्या नवऱ्याचा फोटो, आणि फोटोपुढे बोटभर उंचीचा एक पेला. मी म्हणाले, आम्हीही बौद्ध आहोत. त्यांना इतका आनंद झाला की काय सांगू. "तू पण?" असं त्या तीनदा म्हणाल्या. मग आतून एक बरणी आणली आणि तसाच एक पेला माझ्यापुढे ठेवला. सोनेरी, दाटसर, जर्दाळूसारख्या वासाचं काहीतरी. याला उमेशू म्हणतात म्हणाल्या. एखाद्या उमेशला लाडाने हाक मारावी तसं नाव. पण ती दारू होती.

आता इथे थोडं थांबून आमच्या घराबद्दल सांगायला हवं. माझे आजोबा पीत. दीक्षा घेतली त्या दिवसापासून त्यांनी थेंबाला हात लावला नाही, आणि ही गोष्ट आमच्या घरात दागिन्यासारखी जपली गेली. तरी मी पुण्यात शिकत असताना घरमालकीण माझं आडनाव ऐकून म्हणाली होती, "तुमच्यात पुरुषमंडळी पितात ना? मग खोली नको." तो चटका अजून गेलेला नाही. हे कारण म्हणून सांगत नाहीये. माझ्या डोक्यात काय भरलेलं होतं ते तुम्हाला कळावं, एवढंच.

तर तो पेला समोर होता. "मी घेत नाही" — तीन शब्द. काय बिघडलं असतं? त्या रागावल्या असत्या का? मुळीच नाही. पण परक्या देशात पहिल्यांदा कुणीतरी मला हात धरून घरात नेलं होतं, आणि मला त्या बाईंना आवडायचं होतं. मी पेला ओठाला लावला, त्या स्वयंपाकघरात वळल्या तेव्हा तो कुंडीत रिकामा केला, आणि परत आल्यावर म्हणाले, "अप्रतिम."

झालं. तेव्हापासून दर वर्षी एक बाटली आमच्या घरी येऊ लागली आणि दर वर्षी मी ती बेसमेंटमधल्या कपडे धुवायच्या सिंकमध्ये ओतू लागले. आणि दर वर्षी सांगायला लागले की यंदाची जरा जास्त गोड झाली, यंदाची अगदी बेताची. एक खोटं बोललं की त्याला दहा पोरं होतात.

उमेशू कशी करतात ते मात्र मी त्यांच्याकडून शिकले. जूनमध्ये टोरंटोच्या एका जपानी दुकानात उमेशूची फळं, हिरवे उमे, येत, चार-आठ दिवसच. आवळ्याहून थोडे मोठे, कैरीसारखे कडक. मिचिको-सान ते धुऊन, एकेक पुसून, देठाचा काळा ठिपका टूथपिकने काढत. पाण्याचा थेंब राहिला तर बुरशी — लोणच्याचाच कायदा. मग बरणीत एक थर फळांचा, एक थर खडीसाखरेचा, आणि वरून बिनवासाची पांढरी दारू. मग थांबायचं. वर्षभर तरी. त्यांच्या गावी, वाकायामात, जूनच्या पावसात घरोघरी हे चालतं. प्रत्येक घराची चव निराळी, आणि सून आली की सासू तिला आपलं प्रमाण देते. पोट दुखलं तर चमचाभर, पाहुणा आला तर पेलाभर. "ही दारू नाही," त्या म्हणायच्या, "हा वेळ आहे. मी फक्त झाकण लावते."

माझी लेक मैत्री फेब्रुवारीत झाली. त्या जूनमध्ये ती चार महिन्यांची होती आणि मी तिला मांडीवर घेऊन मिचिको-सानच्या टेबलाशी बसले होते. त्यांची जपानी खडीसाखर कमी पडली. मी घरून आपली घेऊन आले — दोऱ्याची. त्यांनी खड्यातून निघालेला तो दोरा बघितला आणि लहान मुलीसारख्या हसल्या. मी काढून टाकायला गेले तर माझा हात धरला. "राहू दे. हा तुमच्याकडचा आहे." साखर विरघळल्यावर तो पांढरा दोरा बरणीच्या तळाशी राहिला. झाकणावर त्यांनी चिठ्ठी चिकटवली: त्यांच्या अक्षरात वर्ष, आणि खाली इंग्रजीत 'मैत्री'. ती वीस वर्षांची झाली की उघडायची, असं ठरलं. त्यांच्या लेकीसाठीही त्यांनी अशीच एक लावली होती. ती लेक सातव्या वर्षी गेली. ती बरणी कोनाड्याखालच्या कपाटात होती, आणि त्या फोटोपुढच्या पेल्यात दर वर्षी एकदा तिच्यातलं थोडंसं येत असे.

हे सगळं मला माहीत होतं. हे लक्षात ठेवा. मला माहीत नव्हतं असं मला म्हणता येणार नाही.

मैत्री बारा वर्षांची असताना मिचिको-सानना घर झेपेना. त्या वृद्धांच्या निवासात एका खोलीत राहायला गेल्या. निघताना त्यांनी बाकीच्या बरण्या वाटून टाकल्या आणि मैत्रीची बरणी माझ्याकडे दिली. "अंधारात ठेव. आठ वर्षं राहिली." मी ती बेसमेंटमध्ये, घर तापवायच्या फर्नेसच्या खोलीत, विंटर टायरांच्या मागे ठेवली. तो एप्रिल होता.

मे महिन्यात बुद्धपौर्णिमा आली. तोवर मी इथल्या बौद्ध मंडळाची सेक्रेटरी झाले होते. रविवारी मुलांचा धम्मवर्ग घेत होते आणि पंचशीलावर बोलताना नाकाने कांदे सोलत होते. त्या वर्षी भन्तेजी आमच्या घरी परित्राण पाठाला येणार होते. चाळीस माणसं येणार, पोरं बेसमेंटमध्ये हुंदडणार. आणि बेसमेंटमध्ये चार लिटर दारू, वर माझ्या मुलीचं नाव! कुणाच्या दृष्टीस पडली तर? सेक्रेटरीबाईंच्या घरी. त्या आडनावाच्या.

गाडीच्या डिकीत ठेवता आली असती. वर चादर टाकता आली असती. कुणी विचारलंच असतं तर, एका म्हाताऱ्या शेजारणीने माझ्या मुलीसाठी बारा वर्षांपूर्वी लावलेली आहे, असं ताठ मानेने सांगता आलं असतं. मी यातलं काहीही केलं नाही. सकाळी सव्वानऊला प्रशांत भन्तेजींना आणायला गेला आणि मी ती बरणी सिंकमध्ये उपडी केली.

रंग आता सोनेरी राहिला नव्हता, कोऱ्या चहासारखा गडद झाला होता. वास घरभर पसरला. उमे सुरकुतून सुपारीएवढे झाले होते, ते ओल्या कचऱ्याच्या ग्रीन बिनमध्ये टाकले. दोरा सिंकच्या जाळीत अडकला. तो टिश्यूने उचलला आणि ड्रायरजवळच्या कचऱ्याच्या डब्यात टाकला. आणि सगळ्यात वाईट सांगू? मला हलकं वाटलं. आपण काहीतरी शुद्ध केलं असं वाटलं. तासाभराने पांढरं सूत हातात धरून मी सगळ्यांबरोबर पाठ म्हणत होते, आणि चौथं शील आलं — खोटं बोलणार नाही — तेव्हा माझा आवाज सगळ्यांहून मोठा होता.

पाचवं, दारू न पिण्याचं, सांभाळायला मी चौथं बारा-तेरा वर्षं मोडत आले होते. हे गणित तेव्हा मला का सुचलं नाही? की सुचलं होतं?

पुढची आठ वर्षं. दर पंधरा दिवसांनी मी त्यांना भेटायला जायचे, आणि त्या विचारायच्या, "मैत्रीची बरणी कशी आहे?" मी सांगायचे, "रंग छान चढलाय." चोराच्या मनात चांदणं म्हणतात तसं, पुढे पुढे त्यांनी विचारायच्या आधीच सांगायला लागले. नसलेल्या बरणीचं वर्णन किती बारकाईने करता येतं, तुम्हाला कल्पना नाही. प्रशांतला मी बरणी परत दिल्याचं सांगितलं होतं. आणि ती बरणी? ती तूरडाळीला वापरत होते.

मागच्या फेब्रुवारीत मैत्री वीस वर्षांची झाली. आमच्याच प्रांतातल्या लंडनला युनिव्हर्सिटीत असते, वाढदिवसाला मुद्दाम आली. मिचिको-सान आता चौऱ्याऐंशी वर्षांच्या. त्यांनी महिनाभर आधीच फोन करून आठवण करून दिली.

मी आयुष्यात पहिल्यांदा दारूच्या दुकानात गेले. फळं घातलेल्या उमेशूच्या सगळ्या बाटल्या घेतल्या. रंग फिका होता. घरी येऊन खडीसाखर कढईत जाळली, तिचा पाक करून मिसळला, पुन्हा पुन्हा उजेडात धरून पाहिलं. डाळ काढून बरणी घासली. चिठ्ठी मी जपून ठेवली होती — का, ते विचारू नका — ती डिंकाने परत चिकटवली. सगळं आठवलं मला. एक सोडून.

त्यांच्या खोलीत, खिडकीशी, आम्ही तिघी बसलो. बाहेर लख्ख ऊन आणि बर्फ. मिचिको-साननी फोटोपुढचा पेला आणून टेबलावर ठेवला. मैत्रीला झाकण उघडायला सांगितलं. मग लांब चॉपस्टिक्स घेतल्या आणि बरणीत घातल्या. मला वाटलं, फळ काढताहेत. त्या फळं बाजूला सारत तळाशी काहीतरी शोधत होत्या. एकदा फिरवल्या. पुन्हा एकदा, सावकाश. तेव्हा मला दोरा आठवला.

त्यांनी चॉपस्टिक्स पुसून ठेवल्या. घोट घेतला. तोंडात बराच वेळ धरून ठेवला. माझ्याकडे पाहिलं नाही. मग मैत्रीचा हात हातात घेतला आणि म्हणाल्या, "तू आलीस त्या वर्षाची आहे. हळू पी."

"आई, इट्स सो गुड," मैत्री म्हणाली. तिचे डोळे भरून आले होते. तिने फोटो काढला, मैत्रिणींना पाठवला. माझ्या जन्माच्या वर्षाचं, म्हणून. तो फोटो अजून तिच्या फोनवर आहे, आणि तिला अजून काही माहीत नाही. मिचिको-साननी त्या दिवशी आपला पेला रिकामा केला, तळापर्यंत. माझी जळकी साखर त्यांनी तळापर्यंत प्यायली. फोटोपुढे मात्र पेला ठेवला तो पाण्याचा.

बोलायला काय लागतं? घरी येताना गाडीत मैत्री गप्पा मारत होती आणि मी रस्त्याकडे बघत होते.

मला वाटलं, आता त्या मला बोलावणार नाहीत. जूनमध्ये फोन आला. "उमे आलेत. तुमच्याकडची खडीसाखर आण. दोऱ्याची."

मी गेले. त्यांचे हात आता थरथरतात. देठ मी काढले, त्या पुसत होत्या. फळं, साखर, फळं, साखर. दोरा मी हातात धरून बसले होते. त्यांनी तो माझ्या बोटांतून सोडवून घेतला आणि बरणीत सोडला. मग चिठ्ठीवर वर्ष लिहिलं, खाली नाव. मला वाटलं, पुन्हा मैत्रीचं. नाव माझं होतं.

"मिचिको-सान," मी म्हणाले, "मी..."

"तू पीत नाहीस," त्या म्हणाल्या. "पहिल्याच पेल्याला कळलं. माझ्या कुंडीतलं झाड मेलं होतं." आणि अगदी हलकेच हसल्या. "पिऊ नको. नुसती सांभाळ."

त्यांनी वाट पाहिली. मला ते स्पष्ट दिसलं — पुसायचं फडकं हातात धरून त्या माझ्याकडे बघत थांबल्या होत्या. सांगायचं होतं ते सगळं माझ्या जिभेवर होतं. बावीस वर्षांचं. आणि मी काय विचारलं? झाकण नीट बसलंय ना, एवढंच विचारलं.

"बसलंय," त्या म्हणाल्या, आणि फडक्याची घडी घातली.