खडूचा पियानो

नवऱ्याचा डावा हात आजारपणात लुळा पडला तेव्हा टेलरबाई रडली नाही. माणूस वाचला, एवढ्यावरच तिने हात जोडले. पण त्याने पियानोचं झाकण लावलं आणि तो शाळेला देऊन टाकायचं ठरवलं, तेव्हा मात्र तिचा धीर सुटला. हॉटेलच्या लॉबीत जन्मभर ब्लूज आणि जॅझ वाजवलेला माणूस! उजवा हात ठणठणीत होता, तरी म्हणायचा, "कॉर्ड, म्हणजे एकदम दाबायचे तीन-चार सूर, त्या डाव्या हाताच्या. त्या नसतील तर उजवा नुसती बडबड करतो."

पियानो न्यायला माणसं पुढल्या महिन्यात येणार होती. तोवर आपणच त्याचा डावा हात व्हायचं, असं बाईने मनाशी पक्कं केलं. नवरा दिवसभर घरात, त्यामुळे पियानोवर शिकायची सोय नव्हती. तिने धाकट्या दिराला गाठलं. दीर गिटारवाला, बोलघेवडा, आणि वेळेवर येणं त्याला जन्मात जमलेलं नव्हतं.

"वहिनी, ब्लूजला तीनच कॉर्ड. बारा मापांचं आवर्तन, गोल गोल फिरत राहायचं," म्हणत त्याने तिच्या शिलाईच्या दुकानात बसून ई, ए, बी शिकवल्या. पियानोवर त्यांच्या कोणत्या पट्ट्या, तेही सांगितलं. नवरा दुपारी झोपल्यावर बाईने झाकण हळूच उचललं, टेपने पट्ट्यांची मापं घेतली आणि कापायच्या टेबलावर खडूने तसाच पियानो आखला. गिऱ्हाईक कोटाची चौकशी करायला यावं, तर बाई टेबल बडवतेय! टेबल बिचारं मुकं. चुकलं की बरोबर, ते कळायला मार्ग नव्हता.

माणसं यायच्या आदल्या दिवशी चहा झाल्यावर ती सरळ पियानोपाशी जाऊन बसली.

"अगं, हे काय?"

"तुमचं नेहमीचं ब्लूज वाजवा. डावी बाजू माझी."

तो कुरकुरत शेजारी टेकला आणि जन्माच्या सवयीने जी सुरापासून, जीमध्ये सुरू झाला. बाईने ई दाबली. असा काही कर्कश आवाज निघाला की त्याने कानावर हात ठेवला. बाईचं धाबं दणाणलं. आता झाकण लागणार ते कायमचंच.

"कुणी शिकवलं तुला?"

"भाऊजींनी."

"तो तर माझ्याबरोबर जीमध्येच—" तो थांबला आणि कित्येक महिन्यांनी खो खो हसत सुटला. "अगं, तो सूर चढवायला गिटारच्या दांडीवर चाप लावतो! बोटं ठेवतो ईची, वाजते जी. गाढवाने तुला बोटांची नावं सांगितली!"

"मग आता? मला दुसऱ्या येत नाहीत हो."

"तू आहेस तिथेच राहा. मी येतो."

आणि तो चाचपडत, काळ्या पट्ट्या शोधत तिच्या ईमध्ये आला. दोनदा घसरला, मग जमलं. तिच्या गालांवरून पाणी ओघळत होतं, पण पुसायला हात उचलला असता तर आवर्तन मोडलं असतं. दिराला तिने मनातल्या मनात भरभरून आशीर्वाद दिले. त्याने नीट शिकवलं असतं, तर नवरा बायकोची हौस म्हणून एकदा वाजवून उठला असता.

"आणि जॅझ?" तिने विचारलं.

"तिथे कॉर्ड एका जागी ठरत नाहीत. वर्ष जाईल तुझं."

दुसऱ्या दिवशी शाळेची माणसं टेम्पो घेऊन दारात आली. तो स्टुलावरून उठलाही नाही.

"वर्षभराने या," म्हणाला.