तडकलेलं कौल

आमच्या घरी दोन हातमाग होते. ताणा, म्हणजे मागावरचे उभे धागे, संपत आला की नव्या ताण्याचा एकेक धागा जुन्या धाग्याला चिमटीत पीळ देऊन जोडायचा. चिमटीला राख लावून असे हजारो धागे जोडत बसायचं. हे काम माझ्या धाकट्या भावासारखं मोहल्ल्यात कोणालाच जमत नसे. तेव्हा तो एकोणीस वर्षांचा होता. मी चार वर्षांनी मोठा, पण मी जोडलेले धागे सुटायचे.

ऐंशीनंतर नागपुरात व्हिडिओ आले. आम्ही दोघांनी जपानी कराटेचा सिनेमा पाहिला. भाषेचं एक अक्षर कळलं नाही, पण नायकाने नुसत्या हाताने कौलं फोडलेली कळली. महिनाभरात मोहल्ल्यातली पोरं लाथा झाडू लागली. साडीच्या उरलेल्या काठाचा पट्टा कमरेला बांधून मी त्यांचा गुरू झालो.

एका रविवारी विहिरीजवळ सगळे जमले. माझं कौल मी आदल्या दिवशीच मागून ठोकून तडकवून ठेवलं होतं. एका फटक्यात त्याचे दोन तुकडे झाले.

"अरे बाप! गुरुजी तं जपानचेच निघाले!" कोणीतरी ओरडलं.

"आता तू," मी भावाला म्हणालो.

त्याने कौल उलटसुलट करून पाहिलं. "दादा, हे लय जाड दिसून राह्यलं गा."

"मंग घरी जा अन् बायांसंगं सुताच्या कांड्या भरत बस."

सगळे हसले. त्याने डोळे मिटून हात मारला. कौल तसंच राहिलं, त्याच्या उजव्या हाताचं हाड मोडलं.

"सायकलवरून पडला," मी बाबांना सांगितलं. भावाने माझ्याकडे पाहिलं आणि मान डोलावली.

प्लास्टर निघालं, पण अंगठा आणि बोट पुन्हा नीट जुळेनात. पुढच्या ताण्याला तो राख लावून बसला. धागा निसटत राहिला. मग बाबा धागे जोडायला शेजारच्या म्हाताऱ्याला बोलवायला गेले. त्यानंतर भाऊ मागावर बसला नाही. कळमन्याच्या फळबाजारात संत्री निवडायच्या कामाला लागला.

बऱ्याच वर्षांनी तिथेच त्याने विचारलं, "दादा, तुह्यं कौल कसं फुटलं होतं गा?"

सांगायची वेळ होती ती. मी म्हणालो, "जोर लागते."

"हो," तो म्हणाला, "माह्यात तेवढा नव्हता."

डाव्या हाताने संत्रं सोलून त्याने पहिली फोड मला दिली. मी ती खाल्ली.